बटणांच्या डब्यातला चिमटा

माझ्या वर्गात कात्रीला हात लावण्याआधी एका प्रश्नाचं उत्तर द्यावं लागे. "कशासाठी?" फळ्याच्या वरच्या कोपऱ्यात मी तो खडूने लिहून ठेवलेला असे आणि एकतीस वर्षांत तो पुसायची हिंमत कुणी केली नाही. डबी करायची आहे? कशासाठी? "खोडरबर ठेवायला." मग खोडरबर आण, मोज, आणि मग काप. एखादं पोर म्हणायचं, "कशासाठी नाही बाई, उगाच." तेही चालायचं. उगाच हेसुद्धा उत्तर आहे. पण उत्तराशिवाय कात्री नाही. हस्तकलेच्या तासाला मी शिकवलेलं बाकी सगळं मुलं विसरली असतील, एवढं विसरली नसावीत.

विसरले ती मीच, आणि तेही स्वतःच्या नातीच्या बाबतीत.

नात सात वर्षांची. एका जागी ठरत नाही म्हणून तिला सगळे भिंगरी म्हणतात. माझा मुलगा आणि सून नोकरीसाठी दूरदेशी गेली तेव्हा तिचं शाळेचं वर्ष नुकतंच सुरू झालं होतं, म्हणून ती माझ्याकडे राहिली. चांगले नऊ महिने. या नऊ महिन्यांत तिचे दोन दात पडले, एक आला, सातचा पाढा पाठ झाला, आणि झोपेत माझ्या पोटावर पाय टाकायची तिची सवय पक्की झाली. तो पाय नसला तर मला झोप येईना, हे मात्र मी कुणाला सांगितलं नव्हतं.

भिंगरीला आणखी एक आजी आहे. माझ्या सुनेची आई, म्हणजे माझी विहीणबाई. आमच्याच गावात, बसने अर्ध्या तासावर राहते. तिने चाळीस वर्षं फोटो स्टुडिओ चालवला. लग्नाची जोडपी, ओळखपत्राचे चेहरे, रडकी बाळं, सगळ्यांना तिने त्या दिव्यांसमोर बसवून हसवलं. म्हणून ती फोटोआजी. मला सगळं गाव बाई म्हणतं, म्हणून मी बाईआजी.

फोटोआजी दर रविवारी यायची. सोमवार ते शनिवार नखं कापायची मी, पाढे घ्यायची मी, "दात घासलेस का, खरं सांग" म्हणायची मी. आणि रविवारी पर्समधून काहीतरी काढून हसवायला ही. कधी भिंतीवर ससा पाडणारा छोटा दिवा, कधी जगाला उलटं दाखवणारं भिंग. ती दारात दिसली की भिंगरी जी पळत सुटायची, तशी माझ्याकडे कधी पळत आली नाही. कशी येईल? मी तर घरातच असायचे. घरातल्या माणसाकडे पळत जात नाहीत.

हे सगळं मला कळत होतं. कळणं आणि पोटात दुखणं या दोन गोष्टी एकाच वेळी होऊ शकतात, एवढंच.

वर्ष संपलं. सुनेला दुसरं बाळ होणार होतं. ठरलं असं की आम्ही दोघी आज्या भिंगरीला घेऊन विमानाने जायचं. मी तीन आठवड्यांनी परत यायचं. विहीणबाईंनी मात्र सहा महिने राहायचं, कारण अशा वेळी मुलीला आई जवळ हवी. यावर कोण काय बोलणार? मी "बरोबर आहे" म्हणाले आणि स्वयंपाकघरात जाऊन धुतलेली भांडी पुन्हा धुतली.

मुलाने फोनवर बजावलं, "आई, नऊ तासांचा प्रवास आहे आणि या विमानात सीटसमोर पडदा नाहीये. माझा जुना फोन आहे ना तिथे, त्यात भिंगरीसाठी काहीतरी भरून ठेवा."

तो रविवार होता, त्यामुळे विहीणबाई टेबलाशी होत्याच. भिंगरी पेन्सिल चावत म्हणाली, "मला पाणबुडीतल्या मांजराचा सिनेमा हवा. पण मी फोन हातात धरणार नाही. मला दोन्ही हात मोकळे हवेत."

"मी करते काहीतरी," मी म्हणाले.

"मी करते काहीतरी," विहीणबाई म्हणाल्या.

अगदी एका सुरात. पोरगी हसली. आम्ही दोघीही हसलो, आणि दोघींनीही तिला विचारलं नाही की बाळ, हात मोकळे कशासाठी?

दुसऱ्याच दिवशी मी कामाला लागले. जुन्या वह्यांचे पुठ्ठे काढले, फोन मोजला, भिंगरीला खुर्चीत बसवून तिचे डोळे टेबलापासून किती उंच येतात ते मोजलं. पुठ्ठ्याची घडी घालायची तर आधी विणायच्या सुईच्या टोकाने रेघ दाबून घ्यावी लागते, नाहीतर घडीवर पुठ्ठा फुटतो. पहिला टेकू मागे कलंडला. दुसऱ्यात फोन बसला, पण पुढे घसरला. तिसऱ्याला पुढे ओठासारखी पट्टी ठेवली, मागे त्रिकोणी पाय दिला. तो इतका पक्का झाला की टेबलावर मूठ आपटली तरी फोन हलेना. घडी केली की तो पोथीएवढा सपाट व्हायचा. भिंगरीने त्यावर निळ्या रंगाने पाणी काढलं आणि पाण्यात मिशा. मला वाटलं, जिंकले.

पुढच्या रविवारी विहीणबाई आल्या. आधी त्यांनी फोन मागून घेतला. "सिनेमा आधीच उतरवून ठेवायला लागतो बाई, वर नेट नसतं," म्हणाल्या. मग चष्मा कपाळावर चढवून त्यांची बोटं सुरू झाली. पडदा आपोआप विझू नये म्हणून काहीतरी केलं. फोन तिरका झाला तरी चित्र फिरू नये म्हणून काहीतरी केलं. उजेड कमी केला, "नाहीतर बॅटरी अर्ध्या वाटेत राम म्हणेल." मला यातलं काहीही येत नव्हतं. माझ्या टेकूवर फोन ठेवला असता तर अर्ध्या मिनिटात पडदा काळा झाला असता, आणि मग पुठ्ठ्याचा टेकू कितीही पक्का असून काय उपयोग?

पण ते तिथेच थांबलं नाही. त्यांनी पर्समध्ये हात घातला आणि तो चिमटा काढला.

स्टुडिओतला होता. काळा, लोखंडी, एका टोकाला कडक स्प्रिंगचा जबडा, मधे हवी तशी वाकणारी मान, आणि दुसऱ्या टोकाला फोन धरायला दोन बोटं. दिव्यांपुढे पांढरे पुठ्ठे धरायला त्या तो वापरायच्या. त्यांनी तो टेबलाच्या कडेला लावला, खुर्चीच्या हाताला लावला, शेवटी माझ्या पाण्याच्या माठाच्या स्टूलला लावला. फोन उभा, आडवा, उलटा.

"कसलं भारी!" भिंगरी किंचाळली. मग तिचं माझ्याकडे लक्ष गेलं. पोरगी मनाने चांगली आहे. ती म्हणाली, "बाईआजीचा टेकू पण छान आहे."

पण! 'परंतु' या अर्थाचा 'पण' आणि 'सुद्धा' या अर्थाचा 'पण' हा एकच शब्द का, असा प्रश्न मला एका विद्यार्थ्याने कधीतरी विचारला होता आणि मला उत्तर देता आलं नव्हतं. त्या रविवारी ते मिळालं.

"टेकू सुंदरच आहे," विहीणबाई म्हणाल्या. "बाईंच्या हाताची सर कशालाच नाही. दोन्ही नेऊ. असू दे एक जास्तीचा."

कुठला जास्तीचा, ते मात्र त्यांनी सांगितलं नाही.

निघायच्या सकाळी विहीणबाई खाली गाडीवाल्याशी बोलत होत्या, भिंगरी बूट शोधत होती. तिची पाठीवरची पिशवी माझ्यापुढे उघडी होती. माझा टेकू आत, वहीला चिकटून. बाहेरच्या कप्प्यात चिमटा. मी तो उचलला. मनाशी म्हटलं, लोखंडी आहे, तपासणीत अडेल. म्हटलं, लेकराच्या पाठीला जड होईल. मी आयुष्यभर मुलांच्या सबबी ऐकल्या आहेत, त्यामुळे स्वतःची सबब ओळखायला मला वेळ लागला नाही. तरी मी कपाट उघडलं, बटणांचा डबा काढला, चिमटा बटणांत खुपसला आणि झाकण लावलं. बटणं इतकी वाजली की खाली ऐकू गेली असतील असं वाटलं.

"बाईआजी, चल ना!" दारातून हाक आली. आणि मी गेले.

विमानात आमच्या तीन जागा एका रांगेत होत्या. मला वाटलं, पोरगी खिडकीसाठी हटून बसेल. ती म्हणाली, "मला खिडकी नको. मला मधे बसायचंय."

हे ऐकून मला आनंद झाला आणि विहीणबाईंनाही झाला, ते मला त्यांच्या चेहऱ्यावर दिसलं. दोघींनाही वाटलं, आपल्या शेजारी बसायचंय हिला. खिडकीत विहीणबाई, मधे भिंगरी, वाटेच्या बाजूला मी. पट्टे लावून झाले. भिंगरी नेहमीपेक्षा गप्प होती. बूट एकमेकांवर घासत होती. मी पिशवीतून टेकू काढला, समोरचं टेबल खाली पाडलं, टेकू उघडून उभा केला, त्यावर फोन. अगदी मापात. विहीणबाईंनी सिनेमा लावून दिला.

तेवढ्यात विमानातली मुलगी आली. हसरी, पण कामाला पक्की. "आजी, टेबल बंद करा. उड्डाण झालं की उघडा. फोन हातात चालेल."

"किती वेळ बंद ठेवायचं?"

"अर्धा तास धरा."

मी टेकू मिटला. माझ्या घरच्या टेबलाला कुणी कधी बंद करायला सांगितलं नव्हतं, त्यामुळे हे माझ्या हिशेबातच नव्हतं.

भिंगरीचा चेहरा उतरला. "पण मला आत्ताच हवाय. वर जातानाच हवाय!"

"अगं त्यात काय," विहीणबाई म्हणाल्या. "टेबल कशाला लागतंय आपल्याला? चिमटा आहे ना. खुर्चीच्या हाताला लावू आणि त्या ताईला विचारू. दे पिशवी."

त्यांनी बाहेरच्या कप्प्यात हात घातला. मग आतल्या. मग पिशवी मांडीवर घेऊन एकेक वस्तू काढली. वही, रंगपेटी, लिंबाच्या गोळ्या, मोजे.

"मी माझ्या हाताने ठेवला होता," त्या म्हणाल्या. "भिंगरे, काल त्याच्याशी खेळत होतीस ना तू?"

"हो. पण मी परत ठेवला."

"नक्की?"

"ठेवला." मग थोडं थांबून, "बहुतेक."

"वस्तू सांभाळायच्या असतात गं राणी. फोटोआजीचा किती जुना चिमटा तो."

भिंगरीने मान खाली घातली. तिचा खालचा ओठ बाहेर आला. "मीच हरवला असेल," ती म्हणाली.

मी आठवी-नववीतल्या दांडगट पोरांपासून पहिलीतल्या रडूबाईंपर्यंत सगळे पाहिलेत. न केलेली चूक मोठ्यांच्या शब्दाखातर कबूल करणारं मूल मात्र मला कधी बघवलं नाही. मूल खोटं बोललं तर ते सुधारता येतं. पण आपल्याला आठवतंय ते चूक आहे असं त्याला एकदा वाटू लागलं की त्याचा हात कायमचा कचरतो. हे मी नव्या शिक्षिकांना शिकवत असे. आणि आता तो "बहुतेक" माझ्यामुळे आला होता.

"तिने नाही हरवला," मी म्हणाले. "मी काढला."

विहीणबाईंचे हात मोज्यांवर थांबले.

"काढला म्हणजे?"

"पिशवीतून काढला. घरी ठेवला."

"का?"

"जड होईल असं वाटलं."

"जड?" त्या म्हणाल्या. "बाई, रंगपेटी त्याच्यापेक्षा जड आहे."

"हो. मला जड झाला."

भिंगरी एकदा माझ्याकडे, एकदा तिकडे बघत होती. विहीणबाई खिडकीबाहेर बघू लागल्या. बाहेर एक माणूस केशरी डगल्यात उभा राहून हात हलवत होता आणि त्या जणू त्याचा फोटो काढायचा असल्यासारखं एकटक त्याच्याकडे बघत होत्या. माझं पितळ उघडं पडलं होतं. मनाशी म्हटलं, आता तीन आठवडेच काय, ही बाई मला आयुष्यभर ऐकवणार, आणि तिचं बरोबर असणार.

"कुठे ठेवलात?" शेवटी त्यांनी विचारलं. तोंड तिकडेच.

"बटणांच्या डब्यात."

"गंजेल तरी नाही," त्या म्हणाल्या. थोड्या वेळाने, अजून खिडकीकडेच बघत, "तुम्हाला काय हो, सहा दिवस मिळायचे. मला एक. त्या एका दिवसाला रिकाम्या हाताने आले असते, तर पोरगी दारापर्यंत तरी आली असती का? शनिवारी अर्धा दिवस मी स्टुडिओचे जुने खोके उपसायचे. काय नेऊ, काय नेऊ. आणि तुम्ही नुसत्या बसून असायच्या, आणि ती तुमच्या पाठीला टेकून गृहपाठ करायची."

पाठीला टेकून. हो, करायची. मला ते कधी मोजण्यासारखं वाटलंच नव्हतं.

विमान हळूच मागे सरकलं आणि भिंगरीने दोन्हीकडच्या खुर्चीचे हात घट्ट पकडले. "आता काय करायचं?" तिचा आवाज बारीक झाला होता. "मला दोन्ही हात मोकळे हवे होते."

आणि तेव्हा कुठे, पंधरा दिवस उशिरा, मी फळ्यावरचा प्रश्न विचारला.

"बाळा, हात मोकळे कशासाठी?"

"कानांवर ठेवायला."

"कानांवर?"

"आमच्या वर्गातल्या उंच मुलीने सांगितलं. विमान वर गेलं की कान फट् करून फुटतात. तिच्या काकाचे फुटले. म्हणून मी कान घट्ट दाबणार आणि मांजराकडे बघणार, म्हणजे भीती नाही वाटणार. फोन धरला तर कान कसे दाबू?"

"आणि सिनेमाचा आवाज?" विहीणबाईंनी विचारलं.

"तो मला पाठ आहे."

विहीणबाईंनी माझ्याकडे बघितलं आणि मी त्यांच्याकडे. पंधरा दिवस. तीन टेकू. एक चिमटा, एक चोरी. आणि पोरीला हवं होतं ते एवढंच. काखेत कळसा आणि गावाला वळसा म्हणतात, आम्ही दोघींनी मिळून तर गावाची प्रदक्षिणाच घातली होती.

"कान फुटत नाहीत," मी म्हणाले. "नुसते दडपतात. गोळी चघळली, गिळत राहिलं, की आपोआप मोकळे होतात. फट् आवाज येतो तो मोकळे होण्याचा."

"नक्की?"

"नक्की. बहुतेक नाही, नक्की."

तिने लिंबाची गोळी तोंडात टाकली. पण दोन्ही हात कानांवर गेले ते काही खाली येईनात. समजावून सांगितलं की भीती जाते असं ज्यांना वाटतं त्यांनी कधी पहिलीचा वर्ग घेतलेला नसतो. भीतीला काहीतरी करायला द्यावं लागतं.

"असं करू," मी म्हणाले. "तू दोन्ही हातांनी फोन धर. तुझे कान आम्ही धरतो."

"शिक्षा केल्यासारखे?"

"तसे नाही. असे." मी तिच्या डाव्या कानावर माझा तळहात ठेवला. विहीणबाई क्षणभर बघत राहिल्या. मग त्यांनी अंगठीचा खडा तळहाताच्या बाजूला आलेला नाही ना ते पाहिलं, तळहात चोळून गरम केला आणि उजव्या कानावर ठेवला. मला मेलीला हात गरम करायचं सुचलं नव्हतं.

विमान धावू लागलं. भिंगरी दोन्ही हातांनी फोन धरून बघत होती. मांजर पाणबुडीचं चाक फिरवत होतं. जमीन सुटली तसं तिने डोळे मिटले, एका डोळ्याची फट ठेवून. मी मोठ्याने म्हटलं, "गिळ!" विहीणबाईंनी म्हटलं, "गिळ!" कानांवर आमचे हात, त्यामुळे तिला काही ऐकू गेलं नसणार.

आता जे सांगते ते मला शोभत नाही, पण खरं आहे. दोन तळहातांच्या मधे डोकं असलं की ज्याचा हात हलका, त्याच्याकडे ते झुकतं. मातीची गोळी वळणाऱ्या कुणालाही हे कळतं. मी माझा हात किंचित हलका केला. केसभर. डोकं माझ्याकडे आलं. तिचे केस माझ्या गालाला लागले, त्यांना शॅम्पूचा आणि खोडरबराचा वास येत होता. तेवढ्यात डोकं हळूच पलीकडे गेलं. मी बघितलं तर विहीणबाई खिडकीबाहेरचे ढग पाहत होत्या, अगदी निरागसपणे, आणि त्यांचा तळहात कानापासून चांगला बोटभर लांब होता. मग मी आणखी सैल केला. मग त्यांनी.

"अगं दोघी नीट धरा ना!" भिंगरी ओरडली. पुढच्या चार रांगांनी वळून पाहिलं. "कान उघडे पडतायत!"

आम्ही दोघींनी मुकाट्याने हात नीट धरले.

"झाले का मोकळे?" थोड्या वेळाने मी तिच्या कानावरचा हात उचलून विचारलं.

तिने गिळलं. डोळे मोठे झाले. "फट् झालं! दुखलं नाही!" मग घाईघाईने, "पण तुम्ही हात काढू नका."

टेबलं उघडायची परवानगी मिळाल्यावर टेकू उभा राहिला. फोन त्यावर बसला आणि हलला नाही, समोरच्या गृहस्थांनी खुर्ची मागे टाकली तरीसुद्धा. विहीणबाईंनी तो दोन बोटांनी दाबून पाहिला, जसा परीक्षक दाबून पाहतो. "पक्का आहे," म्हणाल्या. त्यांनी पडदा न विझण्याचं केलेलं होतं म्हणून तो पक्का टेकू कामाला आला, हे मी म्हणायला हवं होतं. मी म्हटलंही, पण इंजिनाच्या आवाजात आणि जरा हळू.

सिनेमा दोनदा झाला. भिंगरीचे हात मोकळे होते आणि आता त्यांना काहीच काम नव्हतं, त्यामुळे ते वाट्टेल तिकडे जात होते. माझ्या पट्ट्याची कडी, विहीणबाईंची अंगठी, टेकूवरच्या मिशा. मग ते थांबले. ती झोपली होती. डोकं विहीणबाईंच्या खांद्यावर, पाय माझ्या मांडीवर. वाटणी झाली म्हणायची. तोंडाचा भाग तिकडे, बुटांचा इकडे. मी बूट काढले आणि तो ओळखीचा पाय पोटाशी ओढून घेतला. तीन आठवडे, मनात आलं. मग घरी परत. रात्री पोटावर काही नाही.

मला वाटलं विहीणबाईंनाही डुलकी लागली. पण त्या डोळे मिटूनच बोलल्या, खांदा न हलवता.

"बाई, तो डबा कुठे असतो हो? बटणांचा."

"कपाटात. खालच्या फळीवर." माझा आवाज पडला. "मी परत गेल्या गेल्या पाठवून देईन चिमटा. येणाऱ्या-जाणाऱ्या कुणाबरोबर."

"पाठवायला कशाला सांगतेय?" त्या म्हणाल्या. "तिथेच राहू द्या. घरी गेलात की तुमच्या कामाच्या टेबलाला लावा, फोन त्यात अडकवा, मान जरा खाली वाकवा. तुमचे हात दिसले पाहिजेत, चेहरा नाही दिसला तरी चालेल. मी रोज शाळा सुटल्यावर तिकडून फोन लावून देत जाईन. तिला घड्या घालायला शिकवायच्या राहिल्यात ना अजून? फोन एका हातात धरून पुठ्ठा कसा कापणार तुम्ही?"

पायाचा अंगठा माझ्या मुठीत होता, मोज्याला तिथे भोक पडलेलं. पुढच्या भेटीपर्यंत कुणीतरी ते शिवायला हवं. कुणीतरी म्हणजे आता त्याच.

"दिवा डावीकडे ठेवा," त्या झोपाळू आवाजात म्हणाल्या. "नाहीतर कात्रीची सावली पडेल."

मी होकार दिला. आभारही मानले असावेत. पण खरं सांगायचं तर मी मनातल्या मनात चरफडत होते. एकतीस वर्षं फळ्यावर तो प्रश्न लिहिला मी, चिमटा डब्यात कोंबला मी, तो माझ्याच घरात, माझ्याच कपाटात, माझ्याच बटणांत पडलेला. आणि तो कशासाठी आहे, हे सुचलं कुणाला, तर हिला.